खांद्यावर ॲसिड सांडलं आणि कागदावर नुसतं ‘भाजले’? डिस्चार्ज कार्डवरचा कोड असा वाचा

सावेडी (अहिल्यानगर) : राहुरी, नेवासा, पारनेर, पाथर्डी, कुठल्याही तालुक्यातून मोठ्या दुखण्याचा पेशंट नगरला आणला की बऱ्याचदा गाडी सावेडीकडे वळते. उपचार होतात, बिल होतं, हातात डिस्चार्ज कार्ड पडतं. ते आपण पिशवीत ठेवतो आणि घरी येतो. त्या कार्डावर किंवा मेडिक्लेमच्या फॉर्मवर एका ओळीत इंग्रजी अक्षर आणि आकडे असतात. उदाहरणार्थ टी २२.७. ते काय आहे, हे कुणी विचारत नाही आणि आपणहून कुणी सांगतही नाही.

पण ॲसिड, कॉस्टिक सोडा, चुना अशा रसायनाने खांदा-दंड खोलवर भाजला असेल, तर त्या ओळीला फार किंमत आहे. विम्याचे पैसे, सरकारी योजनेतून पुढचं ऑपरेशन, नुकसानभरपाई आणि हल्ला झाला असेल तर कोर्टातली केस या सगळ्यांचा पाया कागदावर काय लिहिलंय यावरच असतो. म्हणून ही भानगड आज सोप्या भाषेत समजून घेऊ.

कोड म्हणजे नेमकं काय?

प्रत्येक आजाराला आणि प्रत्येक जखमेला जगभर एकच नंबर असावा, म्हणून जागतिक आरोग्य संघटना एक यादी ठेवते. तिला आयसीडी म्हणतात. सोप्या शब्दांत, आजारांची आंतरराष्ट्रीय यादी. तिची सुरुवात १८९३ मध्ये झाली. फ्रान्सचे आकडेशास्त्रज्ञ जाक बर्तियाँ यांनी मृत्यूच्या कारणांची पहिली यादी मांडली होती. सध्या आपल्याकडच्या कागदांवर बहुतेक ठिकाणी दिसते ती दहावी आवृत्ती, म्हणजे आयसीडी-१०. तिला १९९० मध्ये मंजुरी मिळाली. अकरावी आवृत्ती १ जानेवारी २०२२ पासून लागू झाली, पण विम्याच्या फॉर्मवर अजून दहावीचंच नाव छापलेलं असतं.

आपल्या सात-बाऱ्यावर गट नंबर असतो ना, तसंच हे. ‘ओढ्याकाठचं वावर’ म्हटलं तर गावातल्या माणसाला कळतं, पण तलाठ्याला आणि बँकेला गट नंबरच लागतो. डॉक्टरला जखम बघून कळतं. मुंबईत किंवा चेन्नईत बसून क्लेम तपासणाऱ्याला मात्र कोडच दिसतो.

डॉक्टरने जे लिहिलं त्यावरून हा नंबर शोधून लावणं, याला मेडिकल कोडिंग म्हणतात. इथे एक नियम पक्का आहे. कोड लावणारा माणूस स्वतःच्या मनाने काहीही धरत नाही. डॉक्टरने ‘खांदा, थर्ड डिग्री, ॲसिड’ असं लिहिलं तर तसा कोड लागतो. नुसतं ‘हात भाजला’ लिहिलं तर ‘तपशील दिलेला नाही’ असा कोड लागतो. जखम तीच राहते, पण कागद बदलतो.

आगीने भाजणं वेगळं, रसायनाने भाजणं वेगळं

आपण बोलताना दोन्हीला ‘भाजलं’च म्हणतो. कोडच्या यादीत मात्र हे दोन वेगळे प्रकार आहेत. आग, उकळतं पाणी, गरम तवा, वीज यांनी झालं तर ‘बर्न’. रसायनाने झालं तर ‘कोरोजन’, म्हणजे रसायनाने खाल्लेली कातडी.

फरक का करतात? उकळतं पाणी अंगावर पडलं की थोड्या वेळात गार होतं. ॲसिड किंवा कॉस्टिक मात्र धुऊन निघेपर्यंत आपलं काम करतच राहतं. त्यातही ॲसिडने वरची कातडी गोठून कडक होते आणि ती पुढच्या ॲसिडला थोडाफार अडसर करते. कॉस्टिक सोडा, चुना, ओलं सिमेंट यांनी कातडीचा अक्षरशः साबण होतो आणि रसायन आत आत मुरत जातं. सुरुवातीला किरकोळ वाटलेली जखम दोन दिवसांनी खोल निघते ती यामुळे.

आपल्या भागात ही रसायनं कारखान्यातच असतात असं नाही. ठिबकच्या नळ्या आणि ड्रीपर साफ करायला शेतकरी ॲसिड सोडतात. जिथे अजून गर्बर पद्धतीने दुधाचं फॅट काढतात, तिथे तीव्र सल्फ्युरिक ॲसिड लागतं. दुधाच्या टाक्या धुवायला कॉस्टिक वापरतात. ट्रॅक्टरच्या बॅटरीत ॲसिड आहे, संडास-बाथरूम साफ करायच्या बाटलीत ॲसिड आहे, घर रंगवायचा चुना आहे, गवंड्याच्या हाताला सिमेंट आहे. खांद्यावर कॅन घेऊन निघालं, झाकण ढिलं होतं, आणि खांद्यापासून कोपरापर्यंत सगळं उतरलं. खांदा-दंडाच्या जखमा अशाही होतात.

आधी पाणी, मग बाकी सगळं

कोड नंतर. पहिल्या अर्ध्या तासात काय करायचं ते पाठ करून ठेवा.

• अंगावरचा शर्ट, बनियन, दोरा, घड्याळ, बांगड्या लगेच काढा. कपडा ओला असेपर्यंत रसायन काम करत राहतं. डोक्यावरून ओढण्यापेक्षा कापून काढा, नाहीतर तोंडाला आणि डोळ्याला लागेल.

• कोरडा चुना किंवा सिमेंट असेल तर आधी फडक्याने झटकून काढा, मग पाणी घाला.

• वाहत्या साध्या पाण्याखाली किमान वीस मिनिटं धरा. कॉस्टिक, चुना असेल तर आणखी जास्त वेळ. मोटर चालू करा, पाईप लावा, हौदातलं पाणी ओता, पण धार थांबू देऊ नका. धुतलेलं पाणी चेहऱ्यावर किंवा दुसऱ्या अंगावर जाणार नाही एवढं बघा.

• ॲसिडवर सोडा, कॉस्टिकवर लिंबू असले प्रयोग करू नका. त्यातून उष्णता निघते आणि जखम वाढते. टूथपेस्ट, हळद, तूप, शाई काही लावू नका.

• १०८ ला फोन करा. रसायनाची बाटली किंवा तिच्या लेबलचा फोटो सोबत घ्या. डॉक्टरला त्याने उपचार ठरवता येतात आणि पुढे कागदावर रसायनाचं नाव बरोबर येतं.

एक गैरसमज अजून आहे. ‘दुखत नाही म्हणजे कमी भाजलंय’ असं नसतं. खूप खोल जखमेत कातडीतल्या नसाच मेलेल्या असतात, म्हणून तिथं दुखत नाही. पांढरी, तपकिरी किंवा चामड्यासारखी कडक दिसणारी, न दुखणारी जखम सगळ्यात गंभीर.

टी २२.७ : हा आकडा बनतो कसा?

आता कोड फोडून बघू.

‘टी’ हे इंग्रजी अक्षर जखमा आणि विषबाधेच्या भागातलं आहे.

२० पासून २५ पर्यंतचे आकडे शरीराची जागा सांगतात. २० म्हणजे डोकं आणि मान, २१ धड, २२ खांदा आणि हात, २३ मनगट आणि पंजा, २४ मांडी-पाय, २५ घोटा आणि पाऊल. म्हणजे आपण ज्याला सरसकट ‘हात’ म्हणतो, त्याचे इथे दोन तुकडे आहेत. खांदा, काख, दंड, कोपर आणि मनगटाच्या वरचा हात २२ मध्ये. मनगट, तळहात, बोटं २३ मध्ये. दोन्हीकडे लागलं असेल तर दोन्ही लिहायला हवं.

टिंबानंतरचा आकडा दोन गोष्टी एकदम सांगतो, कशाने भाजलं आणि किती खोल. ० ते ३ आला तर आग-पाणी-वीज. ४ ते ७ आला तर रसायन.

• टी २२.४ : रसायनाने, पण खोली लिहिलेली नाही
• टी २२.५ : रसायनाने, पहिली डिग्री, कातडी लाल
• टी २२.६ : रसायनाने, दुसरी डिग्री, फोड आलेले
• टी २२.७ : रसायनाने, तिसरी डिग्री, कातडीची पूर्ण जाडी गेलेली

टी २२.३ आणि टी २२.७ यात एका आकड्याचाच फरक. पहिला म्हणतो आगीने खोल भाजलं, दुसरा म्हणतो रसायनाने खोल भाजलं. आणि टी २२.० म्हणजे ‘भाजलंय, किती ते माहीत नाही’. घाईत लिहिलेल्या केसपेपरवर बहुधा हाच अर्थ निघतो.

एकाच जागी थोडी जखम वरवरची आणि थोडी खोल असेल, तर कोड सगळ्यात खोल जखमेचा लावायचा असतो.

टक्केवारीचा घोळ

‘किती टक्के भाजलं?’ हा गावातला पहिला प्रश्न. टक्केवारीला वेगळा कोड आहे. रसायनासाठी टी ३२, आगीसाठी टी ३१. मोठ्या माणसाचा एक अख्खा हात, खांद्यापासून बोटांपर्यंत, शरीराच्या ९ टक्के धरतात. पेशंटचा स्वतःचा तळहात बोटांसकट साधारण १ टक्का.

आता गंमत बघा, खरं तर गंमत नाही. एखाद्याचा उजवा हात खांद्यापासून खाली पूर्ण जळाला, तरी टक्केवारीच्या कोडमध्ये तो टी ३२.०, म्हणजे ‘१० टक्क्यांपेक्षा कमी’. नुसती टक्केवारी वाचणाऱ्याला वाटेल, किरकोळ आहे. ज्या माणसाला त्या हाताने पाभर धरायची आहे, धार काढायची आहे, गवंडीकाम करायचं आहे, त्याचं तर सगळं गेलं.

खांद्याचं दुखणं आणखी वेगळं. खांदा आणि काख इथली खोल जखम भरताना कातडी आखडते. जखम सुकली, पट्टी सुटली, घरचे खूश. पण हात खांद्याच्या वर जात नाही. फेटा बांधता येत नाही, केस विंचरता येत नाहीत, उंचावरचं काही काढता येत नाही. हे टाळायला हात अंगापासून लांब ठेवून पट्टी किंवा आधार लावणं, लवकर कातडी लावणं आणि महिनोन्‌महिने व्यायाम करणं गरजेचं असतं. तरी आखडलंच तर दुसरं ऑपरेशन. त्या दुसऱ्या ऑपरेशनच्या वेळी आधीच्या कागदावर ‘खांदा, तिसरी डिग्री’ असेल तर दोन्हीचा संबंध सरळ दिसतो. ‘हात भाजला, ९ टक्के’ एवढंच असेल तर समजावत बसावं लागतं.

म्हणून टक्केवारी एकटी पुरत नाही. जागा आणि खोली सोबत हवीच.

अपघात की हल्ला? याचाही कोड असतो

जखमेच्या कोडबरोबर ‘कसं झालं’ याचा वेगळा कोड असतो. चुकून सांडलं तर एक्स ४९ सारखा अपघाताचा कोड लागतो. कुणी मुद्दाम फेकलं तर एक्स ८६, म्हणजे दाहक पदार्थाने केलेला हल्ला.

इथेच सगळ्यात जास्त खोटं लिहिलं जातं. घरातल्याच कुणी केलेलं असतं, आणि दवाखान्यात सांगितलं जातं, ‘बाटली पडली’. पहिल्या केसपेपरवर ‘चुकून सांडले’ असं एकदा लिहिलं गेलं की नंतर पोलिसात आणि कोर्टात तेच समोर येतं. समोरचा वकील तोच कागद दाखवतो.

हल्ला असेल तर कायदा पेशंटच्या बाजूने बराच पुढे गेला आहे, तो असा :

• भारतीय न्याय संहितेचं कलम १२४ : ॲसिड फेकून इजा केली तर किमान १० वर्षं ते जन्मठेप. फेकण्याचा नुसता प्रयत्न केला तरी ५ ते ७ वर्षं. हा कायदा १ जुलै २०२४ पासून लागू आहे. आधी हेच ३२६-अ आणि ३२६-ब मध्ये होतं.

• भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं कलम ३९७ : सरकारी असो वा खासगी, प्रत्येक हॉस्पिटलने अशा पेशंटला लगेच मोफत उपचार द्यायचे आणि पोलिसांना कळवायचं.

• ‘लक्ष्मी विरुद्ध भारत सरकार’ या खटल्यात सुप्रीम कोर्टाने १८ जुलै २०१३ ला किमान ३ लाख रुपये भरपाईचा आदेश दिला. त्यातले १ लाख घटना कळल्यापासून १५ दिवसांत द्यायचे. १० एप्रिल २०१५ च्या आदेशात कोर्टाने आणखी एक सांगितलं. ज्या हॉस्पिटलमध्ये पेशंट पहिल्यांदा जाईल, त्याने ‘ही व्यक्ती ॲसिड हल्ल्याची बळी आहे’ असं प्रमाणपत्र द्यायचं. हे मागून घ्या.

• महाराष्ट्रात २ ऑक्टोबर २०१३ पासून मनोधैर्य योजना आहे. २०१७ मध्ये तिची मदत कमाल १० लाखांपर्यंत वाढवली. अर्ज जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे जातो. त्यांचं कार्यालय जिल्हा न्यायालयात असतं. मोफत कायदेशीर मदतीचा नंबर १५१००.

• २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्यात ‘ॲसिड हल्ल्याचे बळी’ हा वेगळा प्रकार आहे. कायद्याची व्याख्या हल्ल्याचीच आहे. अपघाताने हात निकामी झाला तर अस्थिव्यंगाच्या प्रकारात तपासणी होते.

हॉस्पिटलवाले ‘एमएलसी करावी लागेल’ म्हणाले की लोक घाबरतात. एमएलसी म्हणजे तुमच्यावर गुन्हा नाही. घटनेची नोंद पोलिसांना कळवली जाते, एवढंच. खरा अपघात असेल तर तसं सांगा, हल्ला असेल तर तसं सांगा. खरं सांगितलेलं पुढे उपयोगी पडतं.

पैसे कुठून, आणि कोड कुठे आडवा येतो?

महात्मा जोतिराव फुले जन आरोग्य योजना : २०१२ मध्ये राजीव गांधी जीवनदायी नावाने सुरू झाली, २०१७ मध्ये नाव बदललं. आता केंद्राच्या आयुष्मान भारतला जोडून कुटुंबाला वर्षाला ५ लाखांपर्यंत कव्हर आहे. योजनेचे स्वतःचे पॅकेज कोड असतात, आयसीडीपेक्षा वेगळे. आयुष्मानच्या यादीत ज्वाळा, गरम पाणी, वीज आणि रसायन असे भाजण्याचे वेगवेगळे गट आहेत, आणि भाजल्यानंतर आखडलेल्या सांध्याच्या ऑपरेशनचा वेगळा गट आहे. कागदावर ‘रसायन’ हा शब्द नसेल तर केस भलत्याच गटात जाऊ शकते. हॉस्पिटलमधल्या आरोग्यमित्राला पहिल्याच दिवशी भेटा. योजनेचा नंबर १५५३८८, आयुष्मानचा १४५५५.

मेडिक्लेम : विम्याच्या ठरावीक क्लेम फॉर्मचा दुसरा भाग हॉस्पिटल भरतं. त्यात आयसीडी-१० चा रकाना आहे. डिस्चार्ज कार्डवर एक आणि फॉर्मवर दुसरंच असेल तर क्लेमवर शंका निघते, पत्रव्यवहार सुरू होतो, महिने जातात.

पंतप्रधान सुरक्षा विमा : बँकेतून वर्षाला २० रुपये कापले जातात तो. अपघातात एका हाताचा वापर कायमचा गेला तर १ लाख, दोन्ही हातांचा गेला किंवा मृत्यू झाला तर २ लाख. पासबुकात २० रुपयांची नोंद आहे का बघा.

शेतकऱ्यांसाठी : गोपीनाथ मुंडे शेतकरी अपघात सुरक्षा सानुग्रह अनुदान योजना. मृत्यू झाला किंवा दोन अवयव निकामी झाले तर २ लाख, एक अवयव निकामी झाला तर १ लाख. अर्ज तालुका कृषी अधिकाऱ्याकडे. उशीर करू नका.

कामगार असाल तर ईएसआय आहे का विचारा. नसेल तर कायद्याने मालकाकडून भरपाई मागता येते. कामावर असताना झालं, हे कागदावर यायला हवं.

डिस्चार्ज घेण्याआधी हे पाच शब्द शोधा

कोड पाठ करायची गरज नाही. कार्डावर या पाच गोष्टी लिहिल्यात का, एवढं बघा. इंग्रजी येत नसेल तर शाळेतल्या पोराला वाचायला लावा.

१. कशाने : ‘केमिकल’ एवढंच नको, रसायनाचं नाव. ॲसिड की अल्कली, हे कळलं पाहिजे. त्यांचे कोडही वेगळे आहेत, टी ५४.२ आणि टी ५४.३.

२. कुठे : खांदा, काख, दंड, कोपर, मनगट, पंजा. आणि डावा की उजवा.

३. किती खोल : पहिली, दुसरी की तिसरी डिग्री.

४. किती टक्के : शरीराचा किती भाग.

५. कसं झालं : अपघात की हल्ला, घरी, शेतात की कामावर.

काही राहिलं असेल तर डिस्चार्जआधीच डॉक्टरांना सांगा. ‘साहेब, यात खांदा लिहायचा राहिलाय, पुढे योजनेला लागेल’ एवढं म्हटलं तरी बहुतेक डॉक्टर लगेच दुरुस्त करतात. घरी आल्यावर लक्षात आलं तर अर्ज देऊन दुरुस्त कार्ड सही-शिक्क्यासह घ्या. स्वतः पेनाने काही वाढवू नका, खाडाखोड केलेला कागद बाद होतो.

कार्ड, बिलं, रोजचे जखमेचे फोटो, रसायनाच्या लेबलचा फोटो हे सगळं मोबाईलमध्ये एका ठिकाणी ठेवा आणि घरातल्या आणखी एकाला पाठवून ठेवा.

तरुण पोरा-पोरींसाठी

अमेरिकेतल्या हॉस्पिटलांचं कोडिंग भारतात पुणे, हैदराबाद, चेन्नई अशा शहरांत मोठ्या प्रमाणावर चालतं. अमेरिकेने आयसीडी-१० चं आपलं वाढीव रूप १ ऑक्टोबर २०१५ पासून वापरात आणलं. त्यात उजव्या खांद्याची रसायनाने झालेली तिसऱ्या डिग्रीची जखम म्हणजे टी २२.७५१ ए. सातातून रसायन आणि खोली कळते, पाचातून खांदा, एकातून उजवी बाजू. शेवटच्या ‘ए’चा अर्थ मुख्य उपचार अजून चालू आहेत. पुढच्या तपासण्यांना ‘डी’, आणि हात आखडण्यासारख्या मागे राहिलेल्या त्रासाला ‘एस’. रसायनाचा कोड जखमेच्या आधी लिहायचा. बीएस्सी, फार्मसी, नर्सिंग झालेल्यांना हे काम जमतं. पण कोर्सची फी भरण्याआधी शरीरशास्त्र आणि इंग्रजी किती शिकवतात ते बघा, ‘शंभर टक्के नोकरी’च्या पाटीवर जाऊ नका.

जाता जाता, ठिबक धुणाऱ्यांसाठी

ॲसिड नेहमी पाण्यात ओतायचं, पाणी ॲसिडमध्ये कधीच नाही. उलटं केलं की उसळून अंगावर येतं. रबरी हातमोजे, चष्मा, पूर्ण बाह्यांचा शर्ट घाला. कॅन खांद्यावरून न्यायचा नाही, हातात, झाकण घट्ट लावून न्यायचा. थंड पेयाच्या बाटलीत ॲसिड भरून ठेवायचं नाही. आणि जिथे ॲसिड उघडाल तिथं पाण्याची भरलेली बादली आणि चालू पाईप आधी तयार ठेवा.